उद्भवशास्त्र : एका विज्ञानकथेच्या प्रकल्प नोंदी

४ मार्च

दिवाळी अंकासाठी दीर्घ विज्ञानकथा द्यायची, आणि ती चौघांनी मिळून लिहायची, हे आज नक्की झालं. कथेला एक शास्त्र हवं आहे जे आज कुठल्याही विद्यापीठात शिकवत नाहीत. समाजात नवी कल्पना आपोआप कशी उगवते, कुठे उगवते आणि कुठे सगळं असूनही उगवत नाही, याचं शास्त्र. कथेतली मुंबई आपलीच आहे, फक्त तिथे हवामान खात्याच्या शेजारी एक उद्भव खातं आहे. प्रत्येक वॉर्डात एक निरीक्षक आणि दर आठवड्याला पत्रक. नायिका परळच्या वॉर्डात नव्याने रुजू झालेली.

आमची अट एकच. शास्त्र कल्पित असलं तरी त्याचे दाखले घडलेलेच हवेत. वाचकाने कथा बाजूला ठेवून एखादा दाखला पडताळायला घेतला तर तो टिकला पाहिजे. मराठीत याला चांगली परंपरा आहे. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत जयंत नारळीकरांनी नारायण विनायक जगताप या नावाने कथा पाठवली ती कृष्णविवरावर, आणि कल्पनेची झेप कितीही मोठी असली तरी खालचं भौतिकशास्त्र पक्कं होतं. आम्हाला तेच समाजाच्या बाबतीत करायचं आहे.

कामाची वाटणी : गणित आणि नियमांची मांडणी कॉलेजात शिकवणाऱ्या बाईंकडे. संगणकावरचं मॉडेल त्यांच्या माजी विद्यार्थ्याकडे. गिरणगावाच्या तपशिलांसाठी लालबागचे काका, जे बंद पडलेल्या गिरणीत जॉबर, म्हणजे कामगारांवरचे मुकादम होते. दाखले शोधणं आणि या नोंदी ठेवणं माझ्याकडे.

९ मार्च

पहिल्या नियमासाठी दाखल्यांचा ढीग जमवला. कलनशास्त्र न्यूटन आणि लायब्निझ या दोघांनी वेगवेगळं उभं केलं. नैसर्गिक निवडीवरचं डार्विन आणि वॉलेस यांचं लेखन १ जुलै १८५८ ला लंडनच्या लिनियन सोसायटीत एकत्र वाचलं गेलं, आणि वॉलेस तेव्हा मलाय द्वीपसमूहात होते. टेलिफोनसाठी बेल आणि एलिशा ग्रे यांचे कागद एकाच पेटंट कार्यालयात एकाच दिवशी आले, १४ फेब्रुवारी १८७६. ऑगबर्न आणि थॉमस या दोन अभ्यासकांनी १९२२ मध्ये असे १४८ जुळे शोध यादी करून छापले होते.

आपल्या घरचा दाखला रामन परिणामाचा. २८ फेब्रुवारी हा दिवस आपण विज्ञान दिन म्हणून पाळतो. पण १९२८ च्या त्याच फेब्रुवारीत, २१ तारखेला, मॉस्कोत लँड्सबर्ग आणि मँडेलश्टाम यांना स्फटिकांमध्ये हाच परिणाम दिसला होता. रामन यांनी लगेच वृत्तपत्रांना कळवलं आणि विज्ञान नियतकालिकाकडे टिपण धाडलं. मॉस्कोच्या जोडीचं लेखन नंतर छापून आलं. १९३० चं नोबेल एकट्या रामन यांना मिळालं.

"मग शोध कोणाचा धरायचा, ताई?" असं मॉडेलवाल्या मुलाने विचारलं. त्यावर बराच वेळ गेला. शेवटी ठरलं की उद्भव खात्याच्या पत्रकात 'कोणाचा' हा रकानाच ठेवायचा नाही. कुठे, कधी, कशातून, एवढेच रकाने. श्रेयाचा हिशेब हे वेगळं काम आहे आणि ते करणारे पुष्कळ आहेत.

नियम १ : एखाद्या कल्पनेचे सुटे भाग समाजाच्या हाताशी आले की ती एकाहून जास्त डोक्यांत उगवते.

१५ मार्च

बाई म्हणाल्या, हे सगळे शास्त्रज्ञ झाले. समाजाची स्वतःची कल्पना दाखवा. त्यावर जे सापडलं त्याने मी आठवडाभर भारलेली आहे.

१८४७ मध्ये बंगालात बारासातला तिथल्याच मंडळींनी मुलींची शाळा काढली. १८४८ मध्ये पुण्यात भिडे वाड्यात जोतीराव आणि सावित्रीबाई यांनी. १८४९ मध्ये मुंबईत एल्फिन्स्टनच्या तरुणांनी, स्टुडंट्स लिटररी अँड सायंटिफिक सोसायटी या त्यांच्या मंडळातर्फे. दादाभाई नौरोजी त्यातलेच, आणि ही मुलं स्वतः जाऊन विनावेतन शिकवत. त्याच वर्षी मे महिन्यात कोलकात्यात बेथून यांची शाळा उघडली. दोन-तीन वर्षांत चार ठिकाणी एकच गोष्ट. तेव्हा बोरीबंदर ते ठाणे गाडीसुद्धा सुरू व्हायची होती, ती आली १६ एप्रिल १८५३ ला, आणि बोरघाटातून मुंबई-पुणे सलग रेल्वेमार्ग झाला तो १८६३ मध्ये.

पण हे आकाशातून पडलं नव्हतं. अमेरिकन मिशनने मुंबईत मुलींची शाळा १८२४ मध्येच काढली होती. त्याच मिशनच्या शिक्षिका सिंथिया फरार १८२७ मध्ये मुंबईत आल्या आणि पुढे अहमदनगरला गेल्या. त्यांची नगरची शाळा जोतीरावांनी पाहिली होती. बाळशास्त्री जांभेकरांचं 'दर्पण' ६ जानेवारी १८३२ पासून निघालं, म्हणजे मराठी माणसाने मराठीत जाहीर वाद घालायची सवय एका पिढीच्या अंगात मुरली होती. म्हणजे सुटे भाग वीसेक वर्षं जमत होते.

मुलाचा मुद्दा असा की मग याला आपोआप का म्हणायचं, हे तर पसरणं झालं. माझं म्हणणं, मुलींनी शिकावं हा सुटा भाग मिशनकडून आला असेल, पण 'आमच्या मुलींना आम्ही शिकवू' हा जोड कोणी आयता दिला नव्हता. तो पुण्यात आणि मुंबईत वेगवेगळ्या माणसांनी लावला. बाईंनी हे मान्य केलं आणि लगेच पुढचा प्रश्न टाकला, ज्याने सगळी कथा हलली. कल्पना तीच, वर्षं तीच, मग पुण्यात सावित्रीबाईंच्या अंगावर शेण आणि दगड, आणि मुंबईत जगन्नाथ शंकरशेट जागा देतात, हा फरक तुमच्या नियमात कुठे बसतो?

पहिल्या नियमात तो बसत नाही. कल्पना उगवण्याचा नियम आणि तिला ऐकून घेतलं जाण्याचा नियम वेगळे असणार. ही गोष्ट शास्त्राच्या मधोमध ठेवायची.

२३ मार्च

वडापाव. हा दाखला हवाच, असं काकांचं म्हणणं आणि ते बरोबर आहे.

श्रेय बहुतेक ठिकाणी अशोक वैद्य यांना दिलं जातं : १९६६, दादर स्टेशनबाहेर. त्याच सुमारास, त्याच दादरला सुधाकर म्हात्रे यांचंही नाव घेतलं जातं. म्हणजे पहिल्या नियमाला साजेसंच. पण आता सुटे भाग मोजा. पाव पोर्तुगीजांबरोबर आला. बटाटा आणि मिरची अमेरिका खंडातून त्यांच्याच जहाजांनी. बेसन आपलं जुनंच. बटाटावडा घरोघरी. हे सगळं मुंबईत एकाच गल्लीत कित्येक दशकं शेजारी शेजारी पडून होतं. मग १९६६ पर्यंत काय अडलं?

काका म्हणाले, काही अडलं नव्हतं. "आमच्या खोलीवर आम्ही पावात काय काय घालून खायचो ते विचारू नका. भजी, चटणी, काल रात्रीची भाजी. पण खोलीवर खाल्लेलं कोण मोजतो?" स्टेशनबाहेर गाडी लावली, पाळी सुटलेला माणूस पाच मिनिटांत उभ्याने खाऊन गेला आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा आला, तेव्हा ती कल्पना झाली. तोवर ती खाण्यातली एक तडजोड होती.

मला हे अतिशय महत्त्वाचं वाटतं. दुसऱ्या दिवशी परत येणारं गिऱ्हाईक हा या शोधाचा अर्धा भाग आहे, आणि त्याचं नाव कुठल्याच इतिहासात नसतं. त्या गिऱ्हाईकासाठी पत्रकात जागा करायची.

३० मार्च

तळपदे घ्यायचे का, यावर चर्चा. गिरगाव चौपाटी, १८९५, विमान. मराठी वाचकाला हा दाखला लगेच आठवणार. निर्णय : घ्यायचा नाही. त्या उड्डाणाला भक्कम समकालीन पुरावा नाही, आणि 'वैमानिक शास्त्र' या ज्या ग्रंथाचा आधार सांगतात त्यातली विमानं उडू शकत नाहीत हे बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या अभ्यासकांनी १९७४ मध्ये तपासून दाखवलं आहे. आपल्याकडे खरे दाखले इतके आहेत की याची गरज नाही.

६ एप्रिल

भिशी. जिला जनकच नाही अशी कल्पना.

पाच-दहा जणींनी दर महिन्याला ठरावीक पैसे टाकायचे आणि सगळी रक्कम पाळीपाळीने एकीला द्यायची. जावामध्ये याला अरिसान म्हणतात आणि क्लिफर्ड गीर्ट्झ यांनी १९६२ मध्ये त्यावर लिहिलं आहे. पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांत एसुसू, इथिओपियात इकुब, मेक्सिकोत तांदा, कोरियात ग्ये. या सगळ्यांनी एकमेकांकडून शिकून घेतलं असं धरणं अवघड आहे. सुटे भाग सगळीकडे तेच : हातात थोडा पण नियमित पैसा, एकरकमी खर्चाची गरज, आणि पळून जाणार नाही अशी शेजारीण.

काकांनी गिरणीतला बारकावा सांगितला. चिठ्ठी काढून नंबर लागायचा, पण कोणाच्या घरी बाळंतपण किंवा गावाला मयत असली की न बोलता नंबर त्याच्याकडे सरकायचा. हा उपनियम कोणी लिहिला नव्हता. माझ्या आईच्या भिशीतही तो होता, आणि तिचा गिरणीशी काही संबंध नव्हता. कथेत नायिकेची आई भिशी चालवते असं घ्यायचं. पगाराच्या दिवसाचं वर्णन काका लिहून देणार.

नियम २ इथून निघाला : अडचण जितकी सामायिक, तितकी कल्पना निनावी.

२० एप्रिल

सिनेमा. ७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या. १८९९ मध्ये हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी, हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली. मग दादासाहेब तोरणे यांचा 'पुंडलिक', १८ मे १९१२. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र', ३ मे १९१३. दोन्ही गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये, वर्षभराच्या आत. पहिला कोण हा वाद अजून चालतो आणि आमच्या रकान्यांत तो येत नाही. आम्हाला हवं आहे ते दुसरंच : दोन्ही वेळा गिरगाव. नाटकवाले, छापखाने, चाळी आणि तिकीट काढून बसणारा प्रेक्षक, सगळं चालत जाण्याच्या अंतरात. त्याच गिरगावात केशवजी नाईक चाळीत १८९३ मध्ये मुंबईतला पहिला सार्वजनिक गणपती बसला.

तिसरा नियम, दाटीचा, यावर उभा करता येईल. कथेत एक उपकथानक पुरे.

२ मे

मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय. ज्यासाठी गेले होते ते बाजूला राहिलं, कारण ताराबाई शिंदे यांच्याकडे येऊन थांबले आणि तिथून हलता आलं नाही.

बुलढाण्याच्या ताराबाई. सुरतेच्या विजयालक्ष्मी या विधवेला १८८१ मध्ये आपल्या अर्भकाच्या हत्येबद्दल शिक्षा झाली, त्यावर वर्तमानपत्रांतून स्त्रीजातीच्या नावाने जी झोड उठली, तिला उत्तर म्हणून त्यांनी 'स्त्री-पुरुष तुलना' लिहिली. १८८२ मध्ये पुण्यात छापली. पुरुषाला एक न्याय आणि बाईला दुसरा, हे धर्मात, घरात आणि कायद्यात कसं भरून राहिलं आहे, हे त्या एकामागून एक काढून दाखवतात. जोतीराव फुल्यांनी त्यांची बाजू घेतली. त्यापलीकडे जवळजवळ शांतता. पुस्तक वाचकांच्या नजरेआड गेलं ते स. गं. मालशे यांनी १९७५ मध्ये याच ग्रंथसंग्रहालयातर्फे पुन्हा छापेपर्यंत. ९३ वर्षं.

मध्ये काय झालं? त्या विचाराचे सगळे सुटे भाग १८८२ मध्ये बुलढाण्यात एका बाईच्या हाताशी होते. तिने जोड लावला, तोही पूर्ण, छापून, किंमत घालून. पहिला नियम म्हणतो की कल्पना उगवली. आणि तरीही समाजाच्या दृष्टीने ती १९७५ पर्यंत उगवलीच नाही. १९७५ हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष होतं. तोवर कॉलेजांतून शिकलेल्या, नोकरी करणाऱ्या, स्वतःचं मासिक विकत घेणाऱ्या बायकांची पिढी या शहरात तयार झाली होती. पुस्तकात एक अक्षरही बदललं नव्हतं, बदलले होते ते वाचणारे.

मी या शास्त्राचा पाया इथे ठेवते आहे. कल्पना सुचणं दुर्मीळ नाही. ती ऐकली जाणं दुर्मीळ आहे. समाज कोरडे पडतात ते डोकी आटल्यामुळे नाही, कान आटल्यामुळे.

११ मे

बाईंना एका दाखल्यावर नियम नको. त्यांनीच जोडी दिली. ग्रेगोर मेंडेल : वाटाण्यावरचे प्रयोग १८६५ मध्ये वाचले, १८६६ मध्ये छापले, आणि १९०० मध्ये द व्ह्रीज, कोरेन्स आणि चेर्माक हे तिघं एकाच वर्षी तिथेच पोचले. एकदा उगवून वाया, मग एकाच वर्षात तीनदा. रामानुजन : जानेवारी १९१३ मध्ये हार्डींना पत्र गेलं त्याआधी केंब्रिजच्या दुसऱ्या गणितज्ञांकडून काही हाती लागलं नव्हतं. कागदावरची सूत्रं त्याच जातीची, वाचणारा वेगळा. हार्डींनी ती लिटलवुडना दाखवली, दोघं बसले, आणि उलट प्रश्न विचारणारं पत्र मद्रासला गेलं.

उलट प्रश्न. हे मोजता येईल, असं बाई म्हणाल्या. एखाद्याने नवं काही मांडलं की त्याला पुढचा प्रश्न मिळतो का, एवढंच बघायचं. होकार मोजायचा नाही, कौतुक मोजायचं नाही. "मग पावसाळ्यात काय करायचं?", "पैसे कोण ठेवणार?", असा प्रश्न आला तर समोरच्याने ती कल्पना स्वतःच्या डोक्यात घेऊन चालवून पाहिली. उद्भव खात्याचं एकक हेच.

२५ मे

मॉडेल चाललं. चौकटींचा पट, प्रत्येक चौकट म्हणजे एक माणूस. काही चौकटी ऐकणाऱ्या, बाकीच्या बंद. कल्पना एका चौकटीत उगवते आणि फक्त ऐकणाऱ्या शेजाऱ्याकडे जाऊ शकते. हे नवं गणित नाही. ब्रॉडबेंट आणि हॅमर्सली यांनी १९५७ मध्ये झिरपण्याचं गणित मांडलं, त्याचंच हे रूप. चौकोनी पटावर उघड्या चौकटींचं प्रमाण ०.५९२७ च्या आसपास गेलं की पट एकदम पालटतो. त्याखाली प्रत्येक कल्पना आपल्या छोट्या बेटावर मरते. त्यावर गेलं की एका कडेची दुसऱ्या कडेला पोचते.

आम्हाला जे पाहायचं होतं ते स्पष्ट दिसलं. उंबरठ्याखाली असताना सुचणाऱ्यांची संख्या कितीही वाढवा, बेटांवर नुसती गर्दी होते. उंबरठ्याच्या जवळ असताना थोडे कान उघडले तर सगळं शहर जोडलं जातं. मुलाने आणखी एक केलं, काही चौकटींना लांबच्या चौकटींशी धाग्याने जोडलं, वॉट्स आणि स्ट्रोगाट्झ यांनी १९९८ मध्ये जाळ्यांसाठी दाखवलं तसं. धागे घातले की उंबरठा खाली उतरतो. म्हणजे ऐकणारे कमी असले तरी भागतं, जर ते लांबलांबच्यांना भेटत असतील.

बाईंनी बजावलं की पट हा पट आहे, मुंबई नाही. कथेत पटाचं चित्र द्यायचं, आकडा एकदाच.

८ जून

पाऊस. लांबच्या धाग्याचं नाव मुंबईत सगळ्यांना माहीत आहे. चर्चगेट ते विरार ६० किलोमीटर, आणि त्या डब्यात नालासोपाऱ्याची नर्स, अंधेरीची टेलर आणि मंत्रालयातली कारकून रोज त्याच कोपऱ्यात उभ्या. ग्रॅनोव्हेटर यांनी १९७३ मध्ये दाखवलं की नोकरीची खबर जिवलगांपेक्षा तोंडओळखीच्या माणसांकडून जास्त येते, कारण जिवलगांना जे माहीत असतं ते आपल्यालाही माहीत असतं. लेडीज डब्यातली मैत्री ही अशीच : घरचं नाव माहीत नाही, पण चाळीस मिनिटं रोजची.

निरीक्षक म्हणून कान लावून बसले. एक ठेंगणी मुलगी म्हणाली की वरच्या कड्या आमच्यासाठी नाहीतच, खाली आडवा पट्टा हवा. शेजारची म्हणाली, "कुठे? दाराजवळ असला तर उतरताना अडकेल." तिसरी म्हणाली, सीटच्या पाठीला लावा. चौथीने विचारलं, मग बसलेलीच्या केसांचं काय? बोरिवलीपर्यंत पट्टा कुठे, किती उंचीवर आणि कशाचा, हे ठरलेलं होतं. तो कधी बसेल असं नाही, पण कल्पना चार डोक्यांतून फिरून आली.

त्याच आठवड्यात एका सोसायटीच्या सभेत बसले होते. वॉचमनने सांगितलं की पंप पहाटे अर्धा तास आधी लावला तर वरच्या मजल्यांचं पाणी जाणार नाही. कोणी नाही म्हटलं नाही. कोणी प्रश्नही विचारला नाही. पुढचा विषय पार्किंगचा होता. तो माणूस रोज त्या पंपाशी उभा असतो. सभेत त्याच्याइतकं त्या पंपाबद्दल कोणालाच ठाऊक नव्हतं. मला याचा राग आहे आणि तो कथेत उतरला पाहिजे.

१५ जून

काकांबरोबर पूर्ण दुपार खानावळींवर. गिरणगावात एकट्या पुरुषांना जेवू घालणाऱ्या बायका. उधारीवर किराणा, महिनाअखेर हिशेब, सावकाराचं व्याज. यातून सुटायचं कसं हे त्या बायकांना सुचलं नव्हतं असं समजणं हा त्यांचा अपमान आहे. काका सांगतात की त्यांच्या खानावळवाल्या मावशी कायम म्हणायच्या, आम्ही सगळ्या मिळून धान्य घेतलं तर वाण्याला नमवू. ऐकणारे जेवून उठायचे.

१९७५ मध्ये, कामगार चळवळीतून आलेल्या प्रेमा पुरव यांनी खानावळवाल्या बायकांचं अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. बँकांचं राष्ट्रीयीकरण १९६९ मध्ये झालं होतं, म्हणजे तारण नसलेल्या बाईला कर्ज मिळू शकेल असा सुटा भाग नुकताच हाताशी आला होता. पण त्या आधी कोणीतरी खानावळीत बसून, जेवायला नव्हे, विचारायला बसून, महिन्याचा किराणा किती, व्याज किती, हे प्रश्न केले. कल्पना बायकांचीच होती, आणि पुढचा प्रश्न बाहेरून आला.

ताराबाईंचं पुनर्मुद्रण आणि हे मंडळ एकाच वर्षातलं, एकाच शहरातलं. यावर कथेत भाष्य नको. दोन्ही प्रसंग लागून ठेवायचे.

२९ जून

आजची बैठक चांगलीच तापली.

मुलाचा आक्षेप असा : "ताई, न ऐकलेली कल्पना मागे काहीच ठेवत नाही. मग ती उगवली होती हे तुम्ही कशावरून म्हणता? जे तपासता येत नाही ते शास्त्र कसलं?" आक्षेप रास्त आहे आणि त्याला कथेतच उत्तर द्यावं लागेल. माझं उत्तर : सगळ्याच पुसल्या जात नाहीत. काही छापल्या जाऊन पडून राहतात. मेंडेल, ताराबाई. ग्रंथालयांच्या तळघरात, जुन्या मासिकांच्या पत्रव्यवहारात, अर्जांच्या फाइलींत त्यांचे थर आहेत. आमचा नियम खरा असेल तर गाजलेल्या कल्पनेच्या कित्येक वर्षं आधी, जिथे सुटे भाग जमले होते नेमक्या त्या ठिकाणी, तीच कल्पना कोणीतरी कागदावर ठेवलेली सापडली पाहिजे. सापडली नाही तर नियम पडला. हे तपासता येतं.

बाईंनी उलटी बाजूही घ्यायला सांगितली, ऐकलं गेल्याची. मुक्ता साळवे, फुल्यांच्या शाळेतली मुलगी, १८५५ मध्ये मांग-महारांच्या दुःखावर निबंध लिहिते आणि 'ज्ञानोदय' तो छापतो. संपादकाने तो छापला नसता तर आज आपण म्हणालो असतो की त्या काळी त्या वयाच्या, त्या जातीच्या मुलीला असं काही सुचणं शक्यच नव्हतं.

काकांचा मुद्दा वेगळा होता. दिवसभर साच्यावर उभ्या माणसाला काय सुचणार, असं लोक म्हणतात. तर अण्णा भाऊ साठे गिरणीत राबले, नारायण सुर्वे गिरणीत राबले. त्यांच्याभोवती युनियनची कचेरी होती, शाहिरांचे फड होते, रात्री जमणारं, ऐकणारं माणूस होतं. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले, आणि पुढे गिरण्या गेल्या तेव्हा नोकऱ्यांबरोबर ते ऐकणारं माणूसही पांगलं, कोणी गावी, कोणी डोंबिवली-विरारच्या पलीकडे. काका हे सांगताना थांबले नाहीत, आणि आम्हीही मध्ये बोललो नाही.

मुलाने आक्षेप मागे घेतलेला नाही. तो म्हणतो, तपासायची रीत मान्य, पण 'कान आटतात' हे वाक्य निकाल लागण्याआधीच निकाल सांगतं. कथेत हा वाद नायिका आणि तिचा वरिष्ठ यांच्यात जसाच्या तसा ठेवायचा. कोणी जिंकायचं नाही.

६ जुलै

चौथ्या नियमाचा मसुदा बाईंनी दिला, तो कथेत असाच जाईल.

नियम ४ : कल्पनेचा उद्भव पहिल्या पुढच्या प्रश्नापासून मोजावा. प्रश्न विचारणाऱ्याची नोंद सुचणाऱ्याच्या नोंदीइतकीच ठळक करावी.

नायिकेची शेवटची कृती यावरून ठरली. परळ वॉर्डाच्या पत्रकात वर्षानुवर्षं उद्भव भरपूर दिसतो आहे आणि वॉर्डात नवं काही घडत नाही, हे कोडं घेऊन ती सुरुवात करते. शेवटी ती पत्रकाला एक रकाना जोडते, विचारणाऱ्याचा, आणि पहिल्या आठवड्यात तो जवळजवळ कोरा जातो. वरिष्ठ तो कोरा रकाना काढून टाकायला सांगतो. ती त्याला विचारते, कोरा का आहे असं तुम्हाला वाटतं?

१३ जुलै

पहिला खर्डा संपादकांकडे गेला. त्यांच्या सूचना : मेंडेल आणि रामानुजन दुसऱ्या भागात हलवा, वाचक आधी परळमध्ये रुळू द्या. लोकलचा प्रसंग लांबला आहे. टेलिफोन आणि कलनशास्त्र एका परिच्छेदात आणा. ताराबाईंच्या भागाला हात लावायचा नाही, असं त्यांनी स्वतःहून लिहिलं.

उरलेलं काम : काकांच्या पगाराच्या दिवसाचं वर्णन टाइप करणं. पटाचं चित्र काळ्या-पांढऱ्यात कसं छापलं जाईल ते मुलगा छापखान्यात विचारून येणार. सोसायटीच्या सभेचा प्रसंग पुन्हा लिहिते आहे, वॉचमनच्या बाजूने. त्यासाठी आधी आमच्याच इमारतीच्या वॉचमनला पंपाबद्दल नीट विचारायचं आहे, उद्या सकाळी, त्याची पाळी संपायच्या आत.